लॉबीत कुणीच नाही

१

अनिस शेखचं दुकान भोसरीत, एमआयडीसीच्या तोंडाशी. एका बाजूला मोटार वाइंडिंगवाला, दुसऱ्या बाजूला चहाची टपरी. खाली दुकान, वर राहायच्या दोन खोल्या. वर्कशॉपवाल्यांचे बंद पडलेले कॉम्प्युटर, बिलांचे प्रिंटर, सीसीटीव्हीचे डबे, असलं सगळं त्याच्याकडे यायचं. हातात गुण होता म्हणतात, पण अनिसला विचारलं तर तो म्हणायचा, "गुण बिण काही नाही. जे बिनगुन्ह्याचं आहे ते एकेक करून सोडून द्यायचं. शेवटी जे हातात उरतं, तोच चोर."

त्याचा धाकटा भाऊ तौसिफ चोवीस वर्षांचा. आई गेली तेव्हा बारा वर्षांचा होता, अब्बा त्याआधीच गेलेले. अनिसने आणि त्याच्या बायकोने, साबियाने, त्याला पोटच्या पोरासारखं वाढवलं. आयटीआय करून तो जवळच्याच एका वर्कशॉपात मशिनवर लागला. तिथे त्याला तीन मित्र मिळाले. पहिली शिफ्ट साडेतीनला सुटायची आणि चार वाजता चौघंही आपापल्या खोलीतून एकच ऑनलाइन गेम खेळायला बसायचे. मशिनवर ज्यांच्या खांद्याला खांदा लागलेला, त्यांच्याशीच पुन्हा तासभर आरडाओरडा. साबिया म्हणायची, "दिवसभर पोट भरत नाही का रे तुमचं?"

मग मालकाने मशिनी उचलून परराज्यात नेल्या. सुजित म्हणून परभणीकडचा पोरगा होता, तो महाळुंग्याला राहायला जाऊन चाकणच्या एका कंपनीत लागला. बाकीचे दोघंही कुठे कुठे चिकटले. तौसिफचं तेवढं कुठे जमेना. आठ महिने तो वरच्या खोलीत होता.

एके दिवशी दुपारी तो जिन्यावरून खाली आला आणि दुकानाच्या दारात उभा राहून म्हणाला, "भाई, जरा गेम बघ ना. लॉबी रिकामी येतेय."

२

सामना सुरू होण्याआधी खेळाडू जमतात ती जागा म्हणजे लॉबी. त्या गेममध्ये ते बंदरावरचं एक मोठं गोदाम होतं. लोखंडी खांब, वरून लोंबणाऱ्या साखळ्या, लांबवर समुद्राची गाज. शंभर माणसं जमली की सामना सुरू. तोवर पोरं तिथे उड्या मारत, नाचत, एकमेकांना शिव्या देत उभी असायची.

तौसिफच्या स्क्रीनवर गोदाम होतं, साखळ्या होत्या, गाज होती. कोपऱ्यात आकडा होता, शंभरपैकी एक.

"जुना झाला असेल गेम," अनिस म्हणाला. "पोरं दुसरीकडे वळली असतील."

"एवढी सगळी? एकदम?"

अनिसने राउटर बंद करून चालू केला. वायर बदलली. गेम पुसून नव्याने टाकला. घड्याळ बरोबर आहे का पाहिलं, सर्व्हर कुठल्या देशाचा निवडलाय ते पाहिलं. नेट बाजूला ठेवून मोबाइलवरून जोडणी दिली. सगळं निर्दोष. शेवटी त्याने दुकानातल्या एका गिऱ्हाइकाचं खातं घेतलं आणि स्वतः खुर्चीत बसला.

गोदाम गच्च भरलं. शंभरपैकी त्र्याण्णव. कुणी लोळतंय, कुणी खांबावर चढतंय, पाच-सहा भाषांचा कालवा.

"हे बघ. तुझ्या खात्याचाच घोळ होता," असं म्हणून तो उठला आणि त्याच खात्यावर तौसिफ बसला.

कालवा कुणीतरी नळ बंद करावा तसा थांबला. शंभरपैकी एक.

अनिसने त्याला उठवलं आणि स्वतः बसला. भरलं. तौसिफला बसवलं. रिकामं. सहा वेळा केलं. सातव्या वेळी तौसिफच म्हणाला, "राहू दे भाई." अनिस खाली दुकानात आला आणि बराच वेळ एका उघड्या प्रिंटरकडे बघत बसला. बिनगुन्ह्याचं ते सगळं सोडून झालं होतं.

योगायोग, असं त्याने ठरवलं. सर्व्हरवर काहीतरी चाललं असेल. दुसरं काय असणार?

३

दुसऱ्या दिवशी त्याने सुजितला फोन लावला. म्हटलं, पोरं खेळत नसतील तर निदान तौसिफला तसं सांगा तरी. बिचारा वाट बघत बसतो.

सुजित म्हणाला, "अनिसभाई, राग मानू नका. आम्ही तिघं रोज चारला असतोच. तौश्याच आमच्याशी बोलत नाही."

"म्हणजे?"

"येतो ना तो. रोज येतो. मधोमध उभा राहतो. आम्ही हाका मारतो, समोर जाऊन नाचतो, पण गडी शब्द बोलत नाही. फोन केला तर उचलत नाही. काल तासभर उभा होता. आम्हाला वाटलं, आम्ही कामाला लागलो अन् ह्याचं राहिलं, म्हणून चिडला असंल."

तौसिफचा फोन अनिसने हातात घेऊन पाहिला. सुजितचे दोन महिन्यांतले एकतीस फोन आले होते. तौसिफने ती यादी पाहिली, खालवर सरकवली आणि म्हणाला, "कुठे आहेत? मार्चपासून एकाचाही फोन नाही भाई. बघ ना तूच."

अनिस बघतच होता.

४

त्या दिवशी चारला अनिस खाली दुकानात मोबाइल घेऊन बसला. सुजितने दिलेला कोड टाकला आणि तो गोदामात शिरला.

तौसिफ मधोमध उभा होता. त्याचं पात्र ओळखू यायचं. पिवळं हेल्मेट घातलेलं, मशिनवर घालायचा तसलं. त्याच्या पुढ्यात हातभर अंतरावर तिघं उभे होते. सुजितचा आवाज आला, "तौश्या, बोल की राव. चुकलं असंल तर शिव्या दे, पण बोल." पिवळं हेल्मेट हळूच डावीकडून उजवीकडे वळलं. तिघांच्या तोंडांवरून पार गेलं, कुठे थबकलं नाही.

छताच्या वरून, खऱ्या खोलीतून, तौसिफचा आवाज आला, "कुणी आहे का?"

आणि अर्ध्या क्षणाने तेच मोबाइलमधून आलं, गोदामाच्या घुमण्यासकट. "कुणी आहे का?"

"आहे रे!" तिघं एकदम ओरडले. "तौसिफ, मी आहे," अनिसही म्हणाला.

मग एक गोष्ट झाली. गोदामात बाकीची जी ऐंशी-नव्वद अनोळखी माणसं उड्या मारत होती, ती एकेक करून थांबली. नाच थांबले, शिव्या थांबल्या. सगळ्यांनी तोंडं तौसिफकडे वळवली आणि तशीच उभी राहिली. साखळ्या तेवढ्या वाजत होत्या.

अनिस जिना चढून धावत वर गेला. तौसिफने कानावरचे हेडफोन काढले आणि भावाकडे नीट पाहिलं. "आज पण कुणी नव्हतं भाई."

"मी होतो ना आत. आत्ता. तुला हाक मारली मी."

तौसिफ लहान पोराची समजूत काढावी तसं म्हणाला, "नव्हतास भाई. मघापासून बघतोय मी."

५

अनिसने सुजितलाच रविवारी घरी बोलावलं. त्याचा हिशोब सरळ होता. नेटवर काय वाट्टेल ते होऊ शकतं, सर्व्हर खोटं दाखवतात, खाती बिघडतात. माणूस समोर आला की सगळं मिटतं.

सुजित महाळुंग्याहून मोटरसायकलवर आला. वाटेत त्याने गरम भजी बांधून घेतली होती. तो दारातूनच ओरडला, "काय रे सायबा, जिवंत आहेस का?"

तौसिफ कॉटवर बसला होता. त्याने मान वर केली. "भाई, दार लाव ना. वारं येतंय."

सुजित हसला. अनिसही हसला, कारण हसणंच बरं होतं. सुजित जाऊन तौसिफशेजारी बसला, गादी दबली, त्याने तौसिफच्या गुडघ्यावर थाप मारली. तौसिफने गुडघा चोळला. डास चावल्यावर चोळतात तसा. सुजितचं हसू तोंडावर तसंच राहिलं आणि डोळे अनिसकडे वळले.

साबियाने चहा आणला. सुजितने एक कप उचलून तौसिफच्या पुढे धरला. तौसिफने हात लांब केला आणि टेबलावरची वस्तू घ्यावी तसा तो कप सुजितच्या बोटांतून काढून घेतला. "भाभी, भजी कधी केलीस?" त्याने विचारलं.

सोंग करणारं माणूस कुठेतरी चुकतंच. डोळा लवतो, ओठ हलतो. अनिस अर्धा तास बघत होता. तौसिफ कुठे चुकला नाही. सुजितने वर्कशॉपातले सगळे किस्से सांगितले, हात जोडले, एकदा रागाने दंड धरून त्याला हलवलं. तेव्हा तौसिफ भेदरून उठला आणि भिंतीला हात लावून म्हणाला, "भाई, भूकंप झाला का?"

खाली बूट घालून सुजित पायरीवरच बसला. "अनिसभाई," तो म्हणाला, "मी त्याचं काय वाईट केलं हो?"

६

चिंचवडला एका डॉक्टरकडे नेलं. बाहेरच्या खोलीत पेशंट दाटीवाटीने बसले होते. तौसिफने दारातून पाहिलं आणि सुस्कारा टाकला. "बरं झालं, आज गर्दी नाही." तो सरळ चालत गेला आणि एका खुर्चीवर बसू लागला. त्या खुर्चीवर एक म्हातारी बसली होती. ती शेवटच्या क्षणी उठली. तिला कुणी सांगितलं नव्हतं, तिने तौसिफकडे पाहिलंही नव्हतं. उठून तिने पदर सारखा केला आणि भिंतीला टेकली. तौसिफ बसला. त्याच्या दोन्ही बाजूंची माणसंही एकेक करून उठली. एकाला फोन आला, एकाला पाणी प्यायचं होतं. प्रत्येकाला आपलं कारण होतं.

डॉक्टर तेवढे त्याला दिसले. त्यांनी डोळे-कान तपासले, घरचं विचारलं, मनावर ताण आहे म्हणाले, गोळ्या दिल्या. माणसांत मिसळू द्या, म्हणाले. अनिसने मान हलवली.

गोळ्यांचा नववा दिवस होता. साबिया गॅसपाशी उभी होती, तव्यावर पोळी होती, अनिस बाजूला जेवायला बसला होता. तौसिफ आत आला, डबे उघडून पाहू लागला आणि म्हणाला, "भाई, भाभी माहेरी कधी गेली? सांगितलं नाही मला."

तव्यावरची पोळी करपली तरी साबिया हलली नाही. मग तिने गॅस बंद केला, त्याच्यासमोर फतकल मारून बसली आणि बोलायला लागली. लहानपणी तो कसा घोंगडी ओढून झोपायचा, शाळेत कसा पडला, ईदच्या कुर्त्याला बटण नाही म्हणून कसा रुसला. दुपारपर्यंत बोलत होती. तौसिफ तिच्या डोक्यावरून खिडकीबाहेर बघत बसला. नंतर तिने नव्याने केलेली पोळी त्याने खाल्ली. दोन घास झाल्यावर थांबला.

"भाई, तू कधी शिकलास? भाभीसारखीच झालीय."

साबियाने तोंडात पदर कोंबला. त्याला ऐकू जाणार नव्हतं, तरीही.

७

आता एकटा अनिस उरला होता.

त्याने दुकानाला कुलूप लावलं. दिवसभर तौसिफजवळ बसायचं आणि बोलत राहायचं, एवढंच त्याने ठरवलं. बोलणं तुटलं नाही तर कदाचित हेही तुटणार नाही. ह्याला काही आधार नव्हता आणि अनिसला ते कळत होतं. आयुष्यभर तो कारण सापडल्याशिवाय कशाला हात लावत नव्हता, आणि आता तो निव्वळ बडबड करून भावाला धरून ठेवत होता.

तौसिफ शहाणा होता. त्याने ओळखलं होतं.

"भाई, खरं सांग. भाभी घरातच आहे ना?"

अनिसने साबियाकडे पाहिलं. ती तौसिफच्या उशाशी बसून त्याच्या केसांतून हात फिरवत होती. "आहे."

"आणि सुजित वगैरे?"

"तेही आहेत. सगळे आहेत रे."

"मग मी कुठे आहे?"

तौसिफने अनिसचा हात धरला. "तू नको जाऊस भाई."

"वेडा आहेस का. मी कुठे जातोय?"

चार दिवस गेले. पाचव्या दिवशी दुपारी अनिस त्याला अब्बांची गोष्ट सांगत होता. अब्बा, म्हणजे चांदभाई, बार्शीहून पहिल्यांदा भोसरीत आले तेव्हा लेथ मशिनच्या खोक्यातच कसे झोपले होते, ती गोष्ट. तौसिफ हसत होता. "मग मालक सकाळी आला," अनिस म्हणाला, "आणि खोकं उघडून बघतो तर..."

तौसिफचं हसू ओसरलं. तो दाराकडे बघायला लागला.

"भाई?" तो म्हणाला. "भाई, कुठे गेलास?"

"तौसिफ. इथेच आहे. हा बघ."

"भाई!"

८

तौसिफने दोन्ही खोल्या पाहिल्या, मोरी पाहिली, कॉटखाली पाहिलं. मग अनवाणीच जिना उतरला. अनिस त्याच्या मागे.

पावणेचार झाले होते. पहिली शिफ्ट नुकतीच सुटली होती. रस्ता माणसांनी फुलून गेला होता. डबे लटकवलेल्या मोटरसायकली, माणसं कोंबलेल्या शेअर रिक्षा, हॉर्न दाबून धरलेली पीएमपीची बस, वडापावच्या गाडीभोवती निळ्या शर्टांचं कोंडाळं. तौसिफ ह्या सगळ्याच्या मधून, रस्त्याच्या मध्यावरून चालत निघाला. छाती फुटेस्तोवर ओरडत होता, "कुणी आहे का? अरे, कुणीतरी आहे का?"

आणि रस्ता त्याला वाट देत होता. रिक्षा वळून जात होत्या, माणसं बोलता बोलता बाजूला सरत होती. कुणी थांबलं नाही, कुणी वेडा म्हणून हसलं नाही.

अनिसने धावत जाऊन त्याचा दंड धरला.

त्याबरोबर आवाज बंद झाला.

रस्ता रिकामा होता. बस उभी होती, इंजिन धडधडत होतं आणि चालकाची जागा मोकळी होती. वडापावच्या गाडीवर तेल उकळत होतं, त्यात चार वडे आपोआप तांबूस होत होते. टपरीवर अर्धा प्यालेला चहा, त्यातून वाफ निघत होती. वर्कशॉपांची शटरं उघडी होती, आत मशिनी फिरत होत्या. पार उड्डाणपुलापर्यंत, ऊन पडलेला सबंध रस्ता. एक माणूस नाही, कुत्रं नाही, आभाळात घार नाही. अनिसने शेजारी पाहिलं. तौसिफ होता. तो अनिसकडे बघत नव्हता.

तो पुलाकडे बघत होता.

पुलाच्या सावलीत कुणीतरी उभं होतं. लांब होतं, अंगावर काय ते कळत नव्हतं. उंची बरोबर नव्हती, एवढंच अनिसला कळलं. पुलाशी ताडून पाहिलं तर ती फार होती. त्याने एक हात वर केला आणि हलवला. ओळखीचं माणूस गर्दीत दिसल्यावर हलवतात तसा.

तौसिफचा चेहरा उजळला. आठ महिन्यांत अनिसने त्याला असं पाहिलं नव्हतं. "आहे!" तो म्हणाला. आवाज रडका झाला होता. "आहे रे कुणीतरी! ओ भाऊ! ओ, थांबा!"

आणि मग रस्ता पुन्हा होता. हॉर्न, धूर, घामट शर्टांचे धक्के. कुणीतरी खेकसलं, "ओ चाचा, मधे काय उभे राहिलात?" अनिसचा हात पुढे केलेलाच होता आणि त्यात काही नव्हतं.

९

पोलिसांनी हरवल्याची तक्रार घेतली. समोरच्या हार्डवेअरच्या दुकानाचा कॅमेरा रस्त्यावर होता. तो अनिसनेच बसवला होता. त्यात गर्दी दिसते. गर्दीतून चालणारा एक अनवाणी पोरगा दिसतो, मागून येऊन त्याचा दंड धरणारा एक माणूस दिसतो. मग एक बस आडवी जाते. बस गेल्यावर माणूस एकटाच उभा आहे.

सुजितने आणि बाकीच्या दोघा मित्रांनी महिनाभर सुट्ट्या टाकून स्टेशनं पालथी घातली. कुरुळी, मोशी, थेट राजगुरुनगरपर्यंत फोटो लावले. साबिया रोज एक ताट जास्त वाढून ठेवते. कधीतरी ते रिकामं होईल, या आशेने ती नजर लावून बसते. ते तसंच राहतं.

"गर्दीत हिसडा मारून सुटला तो," अनिसने पोलिसांना सांगितलं. साबियालाही तेच सांगितलं. सुजितने विचारलं तेव्हा सुजितलाही. इतक्या वेळा सांगितलं की आता सांगताना त्याचा आवाजही कापत नाही.

तौसिफने हिसडा मारला नव्हता. त्याचा दंड अनिसच्या मुठीत ढिला, निवांत होता. उलट पुलाकडे पाऊल टाकताना तो थबकला होता. जड काहीतरी अंगाला अडकलंय हे त्याला जाणवलं असावं. त्याने मान वळवून त्या बाजूला पाहिलं होतं आणि हळूच विचारलं होतं, "भाई?"

त्याच वेळी पुलाखालच्याने हलणारा हात खाली घेतला आणि तोंड अनिसकडे वळवलं.

अनिसने मूठ उघडली होती.